चिपळूणच्या बाजारात मृदुंग भरून घेतला, त्याचा अनुभव

गणपती जवळ आले की आमच्या मंडळाच्या ग्रुपवर कोणीतरी विचारतंच, मृदुंग कुठे चांगला भरून मिळेल, ढोलकीची पुडी (तोंडावरचं कातडं) कोण बदलून देईल, आणि मग दहा जण दहा पत्ते देतात. म्हणून यावेळी एकदाच सगळं सविस्तर लिहून ठेवतोय, पुढच्या वर्षी कोणी विचारलं की हेच पाठवेन.

दुकान चिपळूणच्या बाजारपेठेत आहे. पाटी नाही. काका म्हणाले नाव टाकू नको, गणपतीच्या आधी आहे ती गर्दीच आवरत नाही. पण बाजारात कोणालाही ढोलकीवाले काका कुठे बसतात विचारा, बोट दाखवतील. आत दोन माणसं उभी राहिली की तिसऱ्याला पायरीवर थांबावं लागतं एवढीच जागा. भिंतीवर जवळजवळ छताला टेकेल अशी एक मातकट रेघ आहे, 22 जुलै 2021 ला वाशिष्ठीचं पाणी आलं तेव्हाची. रंग काढला तेव्हा मुद्दाम ती तेवढी पट्टी सोडली म्हणाले. त्या पुरात तयार पुड्या सगळ्या गेल्या, लाकडाची खोडं तरंगत रस्त्यावर आली, लोकांनी ओळखून ओळखून परत आणून दिली. आता सगळा माल वर माळ्यावर आणि खाली फक्त चालू काम.

माझा मृदुंग आजोबांचा. फणसाचं खोड, वजनाला चांगलाच, नमनात, म्हणजे आमच्या कोकणातल्या खेळात, कमरेला बांधून उभं राहायचं तर दोन तासांनी पाठ बोलायला लागते. आजोबा गिरणीत होते, परळला चाळीत राहायचे, शिमग्याला आणि गणपतीला हा मृदुंग गोधडीत गुंडाळून एसटीच्या टपावर टाकून गावाला यायचा आणि तसाच परत जायचा. म्हणजे हे वाद्य आमच्या घरातल्या कुठल्याही माणसापेक्षा जास्त वेळा मुंबई-गाव फिरलंय. तीन वर्षांपूर्वी मी तो मुंबईतच एका दुकानात भरून घेतला होता. काम स्वच्छ केलं होतं त्यांनी, खोटं कशाला बोलू, दिसायला तर नवाकोरा झाला. पण शिमग्याला गावाला नेला आणि सहाणेवर, म्हणजे पालखी बसते त्या जागी, पालखीसमोर वाजवायला घेतला तर नुसतं टणटण. डावीकडून जो धुम यायला पाहिजे, जो वाडीच्या वरच्या घरापर्यंत जातो आणि म्हाताऱ्या माणसांना कळतं की खेळे (नमन करणारे) आले, तो आलाच नाही. मागे झीलकरी (साथीला सूर धरणारे) उभे, पुढे गण (गणपतीचं स्तवन) चालू, आणि माझ्या हातातून आवाज निघतोय ढोलकीसारखा. त्या रात्री मला फार वाईट वाटलं होतं, आजोबांचं वाद्य मी बिघडवलं असं.

तर यावेळी काकांकडे गेलो. त्यांनी मृदुंग मांडीवर आडवा घेतला, एक थाप डावीकडे, एक उजवीकडे, आणि पहिला प्रश्न विचारला, "हा वाजणार कुठे?"

मला कळलंच नाही. म्हटलं काका, वाजवणार मीच.

"तसं नाही. अंगणात वाजणार का हॉलमध्ये? माईक असणार का नाही? सोबत बेंजो, ऑक्टोपॅड आहे काय?"

हा प्रश्न मला आजवर कुठल्याच दुकानात कोणी विचारला नव्हता, आणि ह्या एका प्रश्नासाठी मी हा रिव्ह्यू लिहितोय असं म्हटलं तरी चालेल. कारण मग त्यांनी समजावलं की मुंबईवाल्याने चूक काहीच केली नव्हती. त्याने मुंबईच्या कार्यक्रमासाठी वाद्य भरलं होतं. हॉलमध्ये माईक लावला की डावीकडचा मोकळा धुम सगळं गिळून टाकतो, शब्द ऐकू येत नाहीत, म्हणून तिकडे पुडी ताठ आणि आवाज आखूड ठेवतात. गावात माईक नसला की तोच आखूड आवाज मांडवाच्या बाहेरसुद्धा जात नाही.

त्यांच्याकडे एक वही आहे. प्रत्येक वाद्याच्या नावापुढे दोन रकाने, एक गावचा आणि एक मुंबईचा. गाव गुहागर तालुका, मुंबई नालासोपारा. गाव संगमेश्वर, मुंबई दिवा. गाव लांजा, मुंबई विरार. जुन्या वहीत हाच मुंबईचा रकाना वेगळा होता, त्यात लालबाग, परळ, करी रोड, डिलाईल रोड. 18 जानेवारी 1982 चा संप झाला, गिरण्या गेल्या, चाळी गेल्या, माणसं लाईन धरून वर वर सरकत गेली आणि त्यांच्यासोबत मृदुंगाचा पत्तापण सरकला. मी ती वही बराच वेळ बघत बसलो. आमच्या आजोबांचं नाव नाही मिळालं, पण आमच्या शेजारच्या वाडीतल्या मंडळाचं मिळालं, पुढे लिहिलेलं "करी रोड".

जाखडीचं तर सगळ्यांना माहितीच आहे. गोल धरून नाचणारी पोरं, पायात चाळ, मध्ये बसलेला शाहीर, ढोलकी-झांज, आणि शक्तीवाले-तुरेवाले असे दोन पक्ष एकमेकांना गाण्यातून सवाल टाकणार. आमच्याकडची जुनी माणसं सांगतात की कानात बाळी घालणारा कोकणी गडी मुंबईत 'बाल्या' झाला आणि त्याच्या नाचाला मुंबईने बाल्या डान्स नाव ठेवलं, आणि ते नाव मग गाडीत बसून गावाला आलं. आज गावातली पोरंसुद्धा बाल्या डान्सच म्हणतात. गावात जाखडी म्हणजे गणपतीत घरोघर अंगणात नाचायची गोष्ट, वेळेचं बंधन नाही, एका घरी पोहे, दुसऱ्या घरी चहा. मुंबईत तीच स्टेजवर चढली, तिकीट लागलं, परळच्या 1922 च्या दामोदर नाट्यगृहात किती पिढ्यांनी शक्ती-तुरा आणि नमनं बघितली असतील (ते 2023 मध्ये पुनर्बांधणीसाठी बंद झालं तेव्हा आमच्या ग्रुपवर दोन दिवस दुसरा विषय नव्हता). स्टेजवर आली की गोल मोडतो ओ. प्रेक्षक एकाच बाजूला, मग पोरं समोर तोंड करून ओळीत नाचायला लागली, शाहीर मधून उठून बाजूला माईकपाशी गेला. आणि हीच ओळ आता गावातपण दिसते, अंगणात चारी बाजूंनी माणसं बसलेली असली तरी.

काकांनी अजून एक सांगितलं जे माझ्या डोक्यात कधी आलं नव्हतं. पूर्वी बुवा ज्या सुरात उभा राहील त्या सुरात मृदुंग ठोकून घ्यायचे, हातोडीने गजऱ्यावर (पुडीच्या विणलेल्या कडेवर) चार ठोके, वादीखालचे (कातडी पट्ट्यांखालचे) लाकडी गठ्ठे जरा खाली-वर, झालं. आता बेंजो आला, कीबोर्ड आला, त्यांची पट्टी ठरलेली, त्यामुळे मृदुंगाला आणि बुवाला दोघांनाही तिकडे जावं लागतं. त्यांच्या फळीवर एक बेंजो दुरुस्तीला आला होता, टाईपरायटरसारखी बटणं असतात ना तो, बुलबुल तरंगाचा भाऊ. हे वाद्य मूळचं जपानचं, 1912 मध्ये नागोयाच्या गोरो मोरिता नावाच्या माणसाने काढलेलं, ताइशोगोतो म्हणतात त्याला. तिथून हिंदुस्थानात आलं, त्याचा बुलबुल तरंग झाला, आपल्याकडे त्याला वीज जोडून बेंजो झाला, आणि आज आगरी-कोळ्यांच्या हळदीपासून आमच्या विसर्जनापर्यंत त्याच्याशिवाय हलत नाही. नागोयाहून निघालेली वस्तू चिपळूणच्या फळीवर तार बदलायला पडलीय, हे बघून मला खरंच भारी वाटलं.

आता कामाबद्दल. मी सांगितलं की काका, दोन्हीकडे वाजवायचाय, शिमग्याला गावात आणि मे महिन्यात मुंबईच्या कार्यक्रमाला, तर ते म्हणाले मग आपण गावचा भरू, मुंबईला कणकेने सांभाळून घे. डाव्या पुडीवर कणीक लावतात ती जास्त लावली की आवाज जड आणि खोल होतो, कमी लावली की हलका आणि आखूड, तर मुंबईत चिमूटभर कमी लाव म्हणजे माईकला त्रास नाही. एवढं सोपं होतं आणि मी तीन वर्षं टणटण ऐकत बसलो.

शाई, म्हणजे पुडीवरचा काळा गोल, भरताना मी बाजूला बसून होतो, बसू दिलं त्यांनी. लोखंडाची भुकटी आणि भाताची खळ एकत्र मळलेली, काळी, ओली, जरा आंबूस वास. अंगठ्याने एक पातळ थर पुडीच्या मधोमध लावायचा आणि गुळगुळीत काळ्या दगडाने घोटायचा, घोटत राहायचा, ओला थर सुकेपर्यंत. आधी आवाज येतो सर्र सर्र, मग सुकत गेलं की तोच आवाज किर्र होतो आणि दगडाखाली शाईला केसासारख्या भेगा पडतात. मी म्हटलं फुटली की! तर हसले, म्हणाले त्या पडल्याच पाहिजेत, शाई अखंड राहिली तर कातड्याला हलता येत नाही, मग नाद कुठून येणार. मग दुसरा थर जरा लहान, तिसरा अजून लहान. प्रत्येक थरानंतर बोटाने एक टिचकी आणि कान पुडीजवळ. मशीन नाही, मोबाईलमधलं ट्यूनर नाही. शेवटी बाजूच्या पेटीवर काळी दोन दाबून धरली आणि मृदुंग तिथेच होता.

त्यादिवशी माझा भाचा सोबत होता, त्याने मोबाईलवर मॉरिशसच्या मराठी लोकांचा झाकरीचा व्हिडिओ लावला. 1834 नंतर जी माणसं करारावर उसाच्या मळ्यात कामाला जहाजाने गेली त्यात आपल्या कोकणपट्टीतलीही होती, आणि त्यांची आजची नातवंडं-पणतवंडं घरात क्रिओल बोलतात पण गणपतीत झाकरी नाचतात. जाखडीची झाकरी झाली, अक्षरं जागा बदलून बसली एवढंच. काकांनी हातातला दगड खाली ठेवला, चष्मा वर सरकवला, मोबाईल कानाला लावला, बघितलं नाहीच आधी, नुसतं ऐकलं. मग म्हणाले, "परत लाव." दुसऱ्यांदा मांडीवर बोटांनी ठेका धरला आणि तो बसला. म्हणाले पोरांचं तोंड परक्या देशाचं वाटतं पण पाय आपला आहे. मग भाच्याला विचारलं तिकडे पुडी कोण भरून देतो रे त्यांना. त्याला काय सांगता येणार. काका स्वतः घाटावरचे, त्यांचे वडील हे काम घेऊन इकडे उतरले, त्यामुळे असेल कदाचित, पण तो प्रश्न त्यांनी अगदी मनापासून विचारला, आपल्या माणसाची चौकशी करावी तसा.

आमच्या वाडीत बारा महिने राहणारी माणसं आता बोटावर मोजण्याइतकी, त्यात मृदुंग उचलू शकेल असा एक. ऑक्टोपॅडवर गण ऐकला की माझ्या पोटात तुटतं, गणाला मृदुंगच पाहिजे असं माझं ठाम मत आहे आणि मी ते मंडळात भांडून सांगतो. सिनेमाच्या चालीवर गौळण बसवतात तेही मला पटत नाही. पण आमच्या वाडीची विरारला राहणारी पोरं दिवसभर कामं करून, रात्री अकराला मैदानात किंवा गच्चीवर तालीम करतात, शेजाऱ्यांच्या शिव्या खातात, सवाल-जवाब स्वतः लिहितात, आणि गणपतीला पदरचे पैसे घालून गाडी करून येतात तेव्हा वाडीत जाखडी होते. ती नाही आली तर होत नाही, इतकं साधं आहे. त्यामुळे त्यांची ढोलकी ताठ असली तर असू दे.

खर्च सांगतो. दोन्ही पुड्या नव्या, शाई, वाद्या जुन्याच ठेवून ताणून, तीन गठ्ठे बदलले, सगळे मिळून 2,800 रुपये. मुंबईत मी याहून जास्त दिले होते. कातडं निवडायला देतात, उन्हाकडे धरून दाखवतात कुठे पातळ कुठे जाड ते. नट-बोल्टच्या ढोलक्यापण करतात, फायबरच्या नाही करत. ऑनलाईन पैसे घेतात, पावती मागू नका, वहीतली नोंद हीच पावती.

तक्रारीपण लिहितो नाहीतर रिव्ह्यू अर्धा राहील. फोन उचलत नाहीत. अजिबात नाही. वायदा आठ दिवसांचा होता, बारा दिवस लागले, आणि मला मुंबईहून दोन चकरा पडल्या, त्यातली एक फुकट. पावसात कातडं सुकत नाही हे मला मान्य आहे पण मग आधी सांगायला पाहिजे ना, माणूस रजा टाकून येतो. कुरियरने पाठवत नाहीत, स्वतः येऊन वाजवून बघूनच न्यायचं असा नियम, त्याबद्दल मात्र माझी तक्रार नाही. आणि तालाची झांज त्यांच्याकडून घेऊ नका, ती बाहेरून आणून ठेवलेली असते, आवाज पत्र्यासारखा आहे. पाचपैकी साडेचार देईन, अर्धा त्या फुकट गेलेल्या चकरेचा.

जाणार असाल तर आषाढ लागायच्या आधी जा, गणपतीच्या तोंडावर गेलात तर नंबर लागणार नाही. मृदुंग नेताना वाद्या सैल करून न्या. कणीक खरवडून काढून न्या, माझ्याकडून एकदा राहिली होती आणि उंदराने पुडी कुरतडली. येताना रेल्वेने येत असाल तर वरच्या बर्थवर ठेवा, सीटखाली दमट जागेत नको. आणि काकांनी विचारलं कुठे वाजणार, तर खरं सांगा. मी गावाचं नाव सांगितलं, मग विरार सांगितलं, त्यांनी दोन्ही रकान्यात लिहून घेतलं.