जुन्या एफ-माउंट लेन्स झेड बॉडीवर : आठ महिने वापरल्यानंतर

बाबांनी फिल्मच्या काळात घेतलेली निकॉनची 50 मिमी एफ/1.8 डी लेन्स मला विकायची नव्हती. मिररलेस, म्हणजे आत आरसा नसलेला कॅमेरा घेताना निकॉनचाच झेड 5 घेतला तो तिच्यासाठीच.

माउंट म्हणजे लेन्स कॅमेऱ्याला, म्हणजे बॉडीला, जिथे बसते तो भाग. बाबांच्या लेन्सचं एफ-माउंट 1959 चं. मध्ये आरसा असल्यामुळे माउंटपासून फिल्म किंवा सेन्सरपर्यंत 46.5 मिमी अंतर. झेडमध्ये आरसाच नाही, म्हणून ते 16 मिमीवर आलंय. राहिलेले 30.5 मिमी भरून काढतो तो ॲडॅप्टर. आत काच नसते, त्यामुळे लेन्सचा दर्जा जराही उतरत नाही.

पोकळ नळीच तर आहे, असं म्हणून मी आधी बोरा बाजारातून स्वस्तातला ॲडॅप्टर आणला. त्याच संध्याकाळी मरीन ड्राइव्हला गेलो. कट्ट्यावर शेजारी बसलेला मित्र लख्ख आला, पण समोर मलबार हिलचे दिवे काही केल्या टोकदार होईनात. फोकसची रिंग शेवटपर्यंत फिरवली तरी नुसते पसरट गोळे. लेन्सला बुरशी लागली की काय, या धास्तीत दोन दिवस गेले. दोष ॲडॅप्टरच्या जाडीत होता. तो 0.1 मिमीने जरी जाड निघाला, तरी 50 मिमीची लेन्स साधारण 25 मीटरच्या पुढे फोकसच होत नाही.

मग निकॉनचाच एफटीझेड ॲडॅप्टर घेतला. दिवे पहिल्याच फोटोत टोकदार! माझी 70-300 एएफ-एस (म्हणजे फोकसची मोटर लेन्समध्येच असलेली) त्यावर अगदी झेडचीच असल्यासारखी चालते, ऑटोफोकससकट. शिवडीचे फ्लेमिंगो तिनेच टिपले.

बाबांच्या लेन्सचं मात्र तसं नाही. डी लेन्समध्ये फोकसची मोटर नसते, लेन्स फिरवायचं काम जुन्या बॉडीतल्या मोटरकडे असायचं. ती मोटर झेड 5 मध्ये नाही आणि एफटीझेडमध्येही नाही, त्यामुळे फोकस हातानेच करायचा. ॲपर्चर म्हणजे उजेड आत घेणारं लेन्समधलं भोक. त्याची रिंग 22 वर, म्हणजे सगळ्यात लहान भोकावर, लॉक केली की ॲपर्चर बॉडीवरून बदलता येतं. फोकस जुळला की स्क्रीनवरची चौकट हिरवी होते. तरी 1.8 वर, म्हणजे सगळ्यात मोठ्या भोकावर, मी समोरच्याचा डोळा स्क्रीनवर मोठा करून बघितल्याशिवाय बटण दाबत नाही. खिडकीशी पेपर वाचत बसलेले बाबा असे सुंदर येतात, पण लोकलच्या दारातली धावपळ हातून निसटते.

जुनी लेन्स घेणार असाल तर तिच्यावर एएफ-एस किंवा एएफ-पी लिहिलंय का ते आधी बघा, म्हणजे मोटर लेन्समध्येच आहे आणि ऑटोफोकस चालेल. आणि ‘जी’ (G) प्रकारची लेन्स साध्या पोकळ ॲडॅप्टरवर लावू नका. तिला ॲपर्चर रिंगच नसते, त्यामुळे ॲपर्चर सगळ्यात लहान भोकावर अडकून बसतं.