आधी कॉलेज की थेट एनबीए?

न्यू जर्सीतला भाचा विचारतो, "मामा, कॉलेज पूर्ण करू की संधी मिळताच एनबीएत जाऊ?" एनबीए म्हणजे अमेरिकेतली व्यावसायिक बास्केटबॉल लीग. मी त्याच्यापुढे तिथली दोन माणसं ठेवली.

टिम डंकन वेक फॉरेस्ट विद्यापीठात चारही वर्षं राहिला. आईला पदवीचा शब्द दिला होता. मानसशास्त्राची पदवी घेतली आणि 1997 च्या ड्राफ्टमध्ये (संघ नवे खेळाडू पाळीपाळीने निवडतात, त्यात) पहिल्या क्रमांकावर निवडला गेला. कोबी ब्रायंट 1996 मध्ये शाळेतूनच आला, तेराव्या क्रमांकावर. वय 17, म्हणून करारावर आईवडिलांच्याही सह्या!

पैशात कोबी पुढे. अठराव्या वर्षी कमावता, डंकन एकविसाव्या.

तयारीत मात्र खरा फरक. पहिल्या मोसमात डंकनचे सामन्यामागे 21.1 गुण, कोबीचे 7.6. त्यातच 1997 च्या प्लेऑफमध्ये (मोसमानंतरच्या बाद फेऱ्यांत) युटा संघाविरुद्ध शेवटच्या मिनिटांत कोबीचे चार शॉट रिंगलाही लागले नाहीत. अठराव्या वर्षी हे सगळ्यांदेखत पचवायचं!

टिकाऊपणात बरोबरी: डंकनचे 19 मोसम, कोबीचे 20, अजिंक्यपदं पाच-पाच.

कोबीची वाट 2006 च्या ड्राफ्टपासून वयाच्या अटीमुळे बंदच आहे. लवकरात लवकर म्हणजे एका वर्षाने कॉलेज सोडता येतं. अंग भरायचं असेल, खेळ घडत असेल तर कॉलेजातच थांबावं. घरी पैशांची निकड आणि ड्राफ्टच्या पहिल्या फेरीत निवडलं जाण्याची खात्री, दोन्ही असतील तरच लवकर निघावं.