गेमच्या फाइल्स करप्ट झाल्या तर कुठल्या प्लॅटफॉर्मवर निभावतं?

एकच गेम पीसीच्या तीन-चार स्टोअरवर आणि सगळ्या कन्सोलवर मिळत असेल, तर घेताना आपण ग्राफिक्स बघतो, किंमत बघतो, मित्र कुठे खेळतात ते बघतो. फाइल करप्ट झाली तर पुढे काय, हा प्रश्न सहसा कुणी विचारत नाही. पण आता १०० जीबीच्या पुढचे गेम नवलाचे राहिलेले नाहीत. ५० एमबीपीएसच्या लाइनवर, पूर्ण वेग मिळाला तरी, १०० जीबी उतरायला साधारण साडेचार तास लागतात. २० एमबीपीएस असेल तर अकरा तासांच्या वर. त्यातला एमबीभर तुकडा खराब झाला म्हणून सगळं पुन्हा उतरवायचं, की तेवढा तुकडा आणून लगेच खेळायला बसायचं? ज्यांचं इंटरनेट हळू आहे किंवा डेटाला मर्यादा आहे, त्यांच्यासाठी हा फरक ग्राफिक्सपेक्षा मोठा आहे.

मी दोनच गोष्टी बघतो. बिघाड नेमका सापडून तेवढाच भाग दुरुस्त होतो का, आणि त्या खटाटोपात सेव्ह, म्हणजे गेममधली साठवलेली प्रगती, सुरक्षित राहतात का. या दोन्ही कसोट्यांवर माझा कौल असा: पीसीवर स्टीम, कन्सोलमध्ये स्विच, आणि कुणाच्याही सर्व्हरवर विसंबायचं नसेल तर जीओजी हे पीसीचंच दुसरं स्टोअर.

स्टीम आणि पीसीवरचे बाकीचे लाँचर

स्टीमवर लायब्ररीत गेमवर राइट क्लिक करायचं, प्रॉपर्टीज, मग इन्स्टॉल्ड फाइल्स, आणि तिथे ‘व्हेरिफाय इंटिग्रिटी ऑफ गेम फाइल्स’. स्टीम प्रत्येक गेमचे साधारण एकेक एमबीचे तुकडे करून ठेवतं आणि प्रत्येक तुकड्याचा हॅश, म्हणजे त्याच्या बोटांचा ठसा, एका यादीत नोंदलेला असतो. तपासणीत तुमच्या डिस्कवरचा गेम वाचला जातो आणि ठसे जुळवले जातात. जे जुळत नाहीत तेवढेच तुकडे पुन्हा येतात. म्हणून १०० जीबीच्या गेममध्ये एक फाइल बिघडली तर डाउनलोड बहुतेकदा काही एमबीचं असतं. वेळ जातो तो डिस्क वाचण्यात. एसएसडीवर काही मिनिटं, जुन्या हार्ड डिस्कवर पंधरा-वीस मिनिटं सहज.

तपासणी संपल्यावर ‘एक फाइल तपासणीत नापास झाली, ती पुन्हा आणली जाईल’ अशा अर्थाचा संदेश आला की अनेकजण घाबरतात. बऱ्याच गेममध्ये ती फाइल म्हणजे तुमच्या सेटिंग्जची असते. गेम ती स्वतःच बदलतो, म्हणून मूळ ठशाशी ती जुळत नाही. दरवेळी तीच एक फाइल आणि गेम नीट चालतोय, तर विषय सोडून द्या. दरवेळी गेमची एखादी ईएक्सई किंवा डीएलएल (गेम चालवणारी प्रोग्रॅम फाइल) गायब होत असेल, तर मात्र आधी अँटीव्हायरसची क्वारंटाइन यादी, म्हणजे त्याने अडवून ठेवलेल्या फाइल्सची यादी, उघडा. स्टीम फाइल आणून ठेवतं, अँटीव्हायरस उचलून नेतो, आणि तुम्ही तपासणी करत बसता. गेमचं फोल्डर अपवादात टाकल्याशिवाय हे थांबत नाही.

मॉड, म्हणजे खेळाडूंनी गेममध्ये केलेले बदल, वापरणाऱ्यांसाठी एक गोष्ट महत्त्वाची आहे. मॉडने मूळ फाइल बदलली असेल तर तपासणी ती पूर्ववत करते, म्हणजे मॉड गेला. पण मॉडने फोल्डरमध्ये नव्या फाइल्स टाकल्या असतील तर त्या यादीतच नसतात, त्यामुळे तिथेच राहतात. ‘सर्व फाइल्स तपासल्या’ असं दिसूनही गेम क्रॅश होतोय, तर हेच बघायचं. अशा वेळी अनइन्स्टॉल करून उरलेलं फोल्डर हाताने डिलीट करावं आणि मग गेम नव्याने घालावा.

स्टीमची आणखी एक सोय मला फार मोलाची वाटते. दुसऱ्या पीसीवरून किंवा जुन्या डिस्कवरून गेमचं फोल्डर आणून स्टीमच्या लायब्ररीतल्या योग्य जागी ठेवलं आणि इन्स्टॉल दाबलं, की स्टीम आधी तिथे असलेल्या फाइल्स तपासतं आणि कमी पडेल तेवढंच उतरवतं. ज्याच्याकडे डेटा कमी आहे त्याने मोठ्या गेमची एक प्रत बाहेरच्या डिस्कवर जरूर ठेवावी. स्टीम डेकवरही तपासणीचं हेच बटण आहे.

बाकीच्या लाँचरांत, म्हणजे गेम उतरवून चालवणाऱ्या ॲप्समध्ये, एपिकची पद्धत जवळपास तशीच. लायब्ररीत गेमखालच्या तीन टिंबांवर जाऊन मॅनेज, आणि तिथे व्हेरिफाय. बॅटलनेटमध्ये प्लेच्या शेजारच्या गिअरमधून ‘स्कॅन अँड रिपेअर’, ईए ॲपमध्ये तीन टिंबांत ‘रिपेअर’, युबीसॉफ्ट कनेक्टमध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमधून ‘व्हेरिफाय फाइल्स’. ही सगळी बटणं आपापलं काम करतात. या कसोटीवर यातलं एक सोडून दुसरं घ्यावं असं मला काही दिसत नाही.

विंडोजवरच्या एक्सबॉक्स ॲपबद्दल मात्र सावध करतो. त्यातही गेमवर राइट क्लिक, मॅनेज, फाइल्स, ‘व्हेरिफाय अँड रिपेअर’ असा सरळ रस्ता आहे, आणि तो सुरक्षित आहे. घोटाळा होतो विंडोजच्या सेटिंग्जमध्ये. तिथे ॲप्सच्या ॲडव्हान्स्ड ऑप्शन्समध्ये ‘रिपेअर’ आणि ‘रिसेट’ अशी दोन बटणं एकाखाली एक आहेत. रिपेअरने ॲपचा डेटा जात नाही. रिसेटने जातो, आणि क्लाउडवर न पोचलेला सेव्ह त्यात असेल तर तोही गेला. घाईत दुसरं बटण दाबू नका.

जीओजीचा वेगळा मार्ग

जीओजी गॅलेक्सी वापरत असाल तर ‘मॅनेज इन्स्टॉलेशन’मध्ये ‘व्हेरिफाय / रिपेअर’ आहेच. पण जीओजीची खरी ताकद ऑफलाइन इन्स्टॉलरमध्ये आहे. गेम डीआरएम-मुक्त, म्हणजे कॉपी रोखणाऱ्या कुलपाशिवायचा असतो. इन्स्टॉलर एकदा उतरवून स्वतःच्या डिस्कवर ठेवला की पुढे गेम बिघडला तर इंटरनेट न लावता, लाँचर न उघडता तो पुन्हा घालता येतो. इन्स्टॉलरचीच फाइल खराब झाली असेल तर तो उलगडताना त्रुटी दाखवून थांबतो, गुपचूप बिघडलेला गेम घालत नाही.

याची दुसरी बाजूही आहे. इन्स्टॉलर जपणं तुमच्यावर येतं. गेमला अपडेट आलं की नवा इन्स्टॉलर किंवा पॅच स्वतः उतरवायला हवा. एकदा खेळून संपवायच्या सिंगल-प्लेअर गेमसाठी मी हाच मार्ग सुचवेन. दर आठवड्याला पॅच येणाऱ्या ऑनलाइन गेमसाठी यात काही अर्थ नाही.

कन्सोल

तिन्ही कन्सोलांत गेमच्या फाइल्स तपासणारं सरळ बटण फक्त निन्टेंडो स्विचवर आहे. होम मेनूत गेमवर जाऊन प्लसचं बटण दाबायचं, मॅनेज सॉफ्टवेअर, आणि त्यात ‘चेक फॉर करप्ट डेटा’. बिघाड सापडला तर तो डेटा काढून पुन्हा डाउनलोड करायला स्विच सांगतो. सेव्हला हात लागत नाही, कारण स्विचचे सेव्ह कन्सोलच्या आतल्या मेमरीत असतात. मायक्रोएसडी कार्डावर असतो तो फक्त गेम. म्हणजे कार्ड पूर्ण मेलं तरी तुमची प्रगती शाबूत राहते. मात्र कन्सोलच गेला तर काय? त्यासाठी क्लाउड बॅकअप लागतो, तो निन्टेंडो स्विच ऑनलाइनच्या सदस्यत्वात मिळतो, आणि काही गेम त्याला पाठिंबा देत नाहीत. घेण्याआधी त्या गेमच्या पानावर हे बघून घ्या.

प्लेस्टेशनवर एकेका गेमची तपासणी करायची सोयच नाही. लोक ‘रीबिल्ड डेटाबेस’ सुचवतात. कन्सोल पूर्ण बंद करून पॉवरचं बटण दुसरी बीप येईपर्यंत दाबून धरायचं, कंट्रोलर यूएसबी केबलने जोडायचा, सेफ मोडमधून तो पर्याय निवडायचा. हे करायला हरकत नाही. मेनू अडखळत असेल, गेमचे आयकॉन गायब झाले असतील, तर याने फरक पडतो. पण हे म्हणजे पुस्तकाची अनुक्रमणिका नव्याने लिहिणं आहे, आतलं फाटलेलं पान तसंच राहतं. गेमची फाइलच खराब असेल तर डिलीट करून पुन्हा घालण्यावाचून इलाज नाही. गेम डिलीट केल्याने सेव्ह जात नाहीत, ते वेगळे ठेवलेले असतात, एवढा दिलासा आहे. डिस्कवर घेतलेला गेम असेल तर मोठा भाग डिस्कवरून कॉपी होतो आणि फक्त अपडेट उतरवावी लागतात. हळू इंटरनेट असलेल्याने प्लेस्टेशनवर डिस्क घ्यावी असं मी म्हणतो ते यासाठी.

सेव्हच्या बाबतीत पीएस४ आणि पीएस५ मध्ये एक फरक लक्षात ठेवायला हवा. पीएस४च्या गेमचे सेव्ह यूएसबी ड्राइव्हवर कॉपी करता येतात. पीएस५च्या गेमचे तसे करता येत नाहीत. त्यांच्या बॅकअपसाठी पीएस प्लसचं क्लाउड स्टोरेज लागतं, नाहीतर सेटिंग्जमधून सगळ्या कन्सोलचा बॅकअप यूएसबी ड्राइव्हवर घ्यावा लागतो. कन्सोल पूर्ण रिसेट करायची वेळ आली आणि सदस्यत्व नसलेल्याने आधी तसा बॅकअप घेतलेला नसेल, तर त्याचे पीएस५ सेव्ह जातात. ही किंमत खरेदीच्या वेळी कुठेच दिसत नाही, म्हणून मुद्दाम लिहितो.

एक्सबॉक्स कन्सोलवरही गेम तपासायचं बटण नाही, अनइन्स्टॉल-इन्स्टॉल हाच उपाय. पण सेव्ह आपोआप आणि वेगळे पैसे न भरता क्लाउडवर जातात. त्यामुळे गेम काढताना धाकधूक नसते. सेव्हच करप्ट झाला असेल तर ‘मॅनेज गेम’मधल्या सेव्ह्ड डेटात जाऊन तो फक्त या कन्सोलवरून काढायचा आणि गेम पुन्हा उघडायचा, क्लाउडवरची प्रत खाली येते. तिथेच ‘सगळीकडून काढा’ असाही पर्याय असतो. तो निवडला तर परत काही मिळणार नाही. सेव्हचा विचार केला तर एक्सबॉक्स प्लेस्टेशनच्या पुढे आहे, फाइल-दुरुस्तीत दोघेही सारखेच मागे.

मोबाइल

इथे प्लॅटफॉर्मपेक्षा गेम बनवणाऱ्यावर जास्त अवलंबून असतं. काही ऑनलाइन गेममध्ये लॉगिनच्या स्क्रीनवरच ‘रिपेअर’ असतं, आधी ते वापरा. अँड्रॉइडवर ‘क्लिअर कॅशे’ निर्धास्त करा, ‘क्लिअर डेटा’ करण्याआधी गेम तुमच्या खात्याशी जोडलेला आहे याची खात्री करा. पाहुणा म्हणून खेळत असाल तर प्रगती पुसली जाऊ शकते. आयफोनवर ‘ऑफलोड ॲप’ केल्याने ॲप जातं, त्याचा डेटा राहतो. सेव्ह वाचवायला ते चांगलं, पण गेमने नंतर उतरवलेल्या फाइल्स त्याच डेटात असतात. बिघाड त्यांच्यात असेल तर ऑफलोडने तो तसाच परत मिळतो.

तपासणी करूनही गेम पडतच असेल तर

दुसरा प्लॅटफॉर्म घेण्याचा विचार करण्याआधी हे वाचा, कारण अनेकदा दोष गेमच्या फाइल्सचा नसतो. व्हेरिफाय सेव्ह तपासत नाही, शेडर कॅशे (ग्राफिक्स कार्डासाठी आधीच तयार करून ठेवलेला डेटा) तपासत नाही, आणि अनेक गेमना चालायला लागणारी, विंडोजमध्ये घातलेली व्हिज्युअल सी प्लस प्लसची पॅकेजं तपासत नाही. ग्राफिक्स ड्रायव्हर बदलल्यापासून गेम अडखळत असेल तर विंडोजच्या डिस्क क्लीनअपमधून डायरेक्टएक्स शेडर कॅशे पुसून बघा. अँटी-चीटची, म्हणजे ऑनलाइन गेममधली फसवेगिरी रोखणाऱ्या प्रोग्रॅमची, तक्रार असेल तर इझी अँटी-चीटचा स्वतःचा सेटअप गेमच्या फोल्डरमध्ये सापडतो, त्यात रिपेअर आहे.

पीसीवर एक साधी चाचणी फार काही सांगून जाते. तपासणी लागोपाठ दोनदा करा आणि दोन्ही वेळा किती फाइल्स नापास झाल्या ते लिहून ठेवा. दुसऱ्यांदा शून्य, तर बिघाड दुरुस्त झाला. पुन्हा तेवढ्याच, तर सेटिंग्जची फाइल किंवा अँटीव्हायरस. दरवेळी आकडा वेगळा येत असेल तर रॅम, डिस्क किंवा तिच्या केबलवर संशय घ्यायला हवा. वाचलेलाच डेटा दरवेळी वेगळा येतोय, तर गेम कितीदाही उतरवा, तो पुन्हा बिघडणारच. रॅमचं ओव्हरक्लॉक किंवा एक्सएमपी (रॅमचा वेग वाढवणारी सेटिंग) बंद करून बघा, रॅम तपासणारं मेमटेस्ट८६ एक रात्रभर चालू द्या, क्रिस्टलडिस्कइन्फोमध्ये डिस्कची तब्येत बघा.

प्रोसेसरही यातून सुटत नाही. इंटेलच्या १३व्या आणि १४व्या पिढीच्या काही डेस्कटॉप प्रोसेसरांवर गेम उघडताना डेटा उलगडण्यात चुका होत होत्या. अनरियल इंजिन या सॉफ्टवेअरवर बनवलेल्या गेममध्ये व्हिडिओ मेमरी कमी असल्याचा संदेश येई, मेमरी भरपूर असली तरी. लोक फाइल्स तपासत राहिले आणि फाइल्स दरवेळी ठीकच निघाल्या. इंटेलने ऑगस्ट २०२४ मध्ये त्यासाठी मायक्रोकोड अपडेट (प्रोसेसरच्या आतल्या सूचनांमधली दुरुस्ती, जी बायोसमधून येते) काढलं आणि त्या प्रोसेसरांची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली. तुमच्याकडे यातला प्रोसेसर असेल तर मदरबोर्डचं बायोस, म्हणजे पीसी सुरू करणारं त्यातलं सॉफ्टवेअर, अद्ययावत आहे का ते आज बघा. अपडेटने पुढचं नुकसान टळतं, आधी झिजलेला प्रोसेसर मात्र त्याने दुरुस्त होत नाही. तो बदलूनच घ्यावा लागतो.