जुना जपान वाचायचाय: गाइड घ्यावं की प्रवासवर्णन?

मेइजी काळातल्या (१८६८–१९१२) जपानवर इंग्रजीतलं एकच जुनं पुस्तक घ्यायचं असेल, तर माझ्या मते निवड दोघांतच आहे. एक, ब्रिटिश प्रवासी इझाबेला बर्डचं ‘अनबीटन ट्रॅक्स इन जपान’ (१८८०). दुसरं, लंडनचे प्रकाशक मरे यांचं जपानचं गाइड. तिसऱ्या आवृत्तीपासून, म्हणजे १८९१पासून, त्याचे लेखक चेंबरलेन आणि मेसन.

बर्डबाई १८७८ साली इतो नावाच्या तरुण दुभाष्याला घेऊन निक्कोहून निइगाता, आकिता, आओमोरी करत होक्काइदोपर्यंत गेल्या. पुस्तक पत्रांच्या रूपात आहे. पिसवा, मुसळधार पाऊस, अडेल घोडे, बाई बघायला दारात जमलेलं अख्खं गाव, हे सगळं त्यात जिवंत आहे. मात्र थकव्याचा राग त्या कधीकधी गावकऱ्यांवर काढतात. होक्काइदोतल्या मूळच्या ऐनू लोकांबद्दल तर त्या आपुलकीनं लिहितात आणि त्याच दमात त्यांना रानटीही म्हणतात. हे खटकतं, खटकायलाच हवं.

गाइडमध्ये असा राग-लोभ कमी, पण माहितीचा साठा प्रचंड. सुरुवातीलाच शिंतो (जपानचा मूळचा धर्म) आणि बौद्ध धर्मावर टिपणं, देवदेवतांची यादी, मग क्रमांक दिलेले मार्ग. कुठल्या गावापासून पुढचं गाव किती ‘री’वर, हे तक्त्यात मांडलेलं, एक री म्हणजे जवळपास चार किलोमीटर. चेंबरलेन जपानी भाषेचे मोठे अभ्यासक होते, ते पानोपानी जाणवतं. वाचता वाचता नकाशावर बोट फिरवायची सवय असेल, तर बिनधास्त हेच घ्या. मी स्वतः हेच आधी घेईन.

पण आवृत्ती बघून घ्या. १८९९पर्यंत परदेशी माणसाला करारानं परदेशी लोकांना खुल्या केलेल्या बंदरांपलीकडे आत जायला परवाना लागायचा; १८९१च्या आवृत्तीतला जपान त्या काळातला आहे. शेवटची, नववी आवृत्ती १९१३ची. तेव्हा तोक्योचं मुख्य स्थानक शिंबाशी होतं आणि शहरातल्या आसाकुसा भागातला बारामजली मनोरा उभा होता. १ सप्टेंबर १९२३च्या भूकंपात तो मनोरा मोडला, शहराचा मोठा भाग जळून गेला. जुन्या तोक्योसाठी म्हणूनच १९१३ची प्रत मोलाची.

टेरींचं १९१४चं गाइड जाडजूड आणि उपयोगी आहे, पण दुसऱ्या क्रमांकावर. जपानी सरकारी रेल्वेनं काढलेल्या पूर्व आशियाच्या पाच खंडी गाइडमधला दुसरा आणि तिसरा खंड जपानवर आहे. यजमानानंच स्वतःचं घर दाखवावं तसा त्यांचा सूर, त्यामुळे अडचणींबद्दल फार अपेक्षा ठेवू नका.

गाइडची मूळ प्रत घेताना सुरुवातीची नकाशांची यादी उघडा आणि एकेक नकाशा मोजून घ्या. घडीचे नकाशे आधी गळतात. जिथे दोन घड्या एकमेकींना छेदतात तिथेच कागद फाटतो. फुकटच्या स्कॅनमध्ये तर बऱ्याचदा नकाशा घडी न उघडताच टिपलेला असतो, म्हणजे असून नसल्यासारखा. बर्डबाईंच्या पुस्तकाला मात्र स्कॅन पुरतो. फक्त दोन खंडांची १८८०ची आवृत्ती शोधा. १८८५च्या एकखंडी आवृत्तीत बराच मजकूर छाटलेला आहे आणि पुनर्मुद्रणं बहुधा तिचीच निघतात.