अंतरालांच्या संयोगासाठी पारदर्शक पट्ट्यांचा संच: साहित्य उत्तम, पुस्तिका सदोष

अंतरालांचा (म्हणजे संख्यारेषेवरच्या सलग भागांचा) संयोग, म्हणजे त्यांपैकी निदान एकात येणाऱ्या सर्व संख्यांचा संच, हाताने मांडून पाहता यावा यासाठी बनवलेला एक शैक्षणिक संच मी गेला महिनाभर शिकवताना वापरत आहे. त्यात −१० ते १० पर्यंत खुणा असलेली संख्यारेषेची फळी, पिवळ्या व निळ्या पारदर्शक पट्ट्या आणि त्यांच्या टोकांना बसवायच्या पोकळ कड्या व भरीव चकत्या आहेत. कडी लावली की ते टोक अंतरालात धरायचे नाही (लिहिताना गोल कंस) आणि चकती लावली की धरायचे (चौकोनी कंस).

या संचाची खरी करामत टोकांत आहे. कडीच्या छिद्रात चकती नेमकी बसते, त्यामुळे (१, ३) आणि [३, ५] शेजारी मांडताच ३ वरचे छिद्र बुजते आणि (१, ५] हे एकच सलग अंतराल डोळ्यांसमोर उभे राहते. (१, ३) आणि (३, ५) मांडले, तर मात्र कडीवर कडी येते, छिद्र तसेच राहते, आणि केवळ ३ ही एक संख्या बाहेर राहिल्यामुळे संयोग दोन तुकड्यांतच का लिहावा लागतो, हे मुलांना वेगळे सांगावे लागत नाही. फळ्यावर हा फरक खडूच्या एका ठिपक्याएवढा असतो आणि उत्तर लिहिताना तोच हमखास निसटतो. एवढ्या एका गोष्टीसाठीही मी हा संच घ्यावा असे म्हणेन.

रंगांबाबत मात्र सावध राहावे लागते. पिवळी पट्टी [−२, ४) वर आणि निळी [१, ६] वर ठेवली की १ ते ४ हा भाग हिरवा दिसतो, नजर तिथेच खिळते आणि मुले त्या हिरव्या भागालाच संयोग म्हणू लागतात. वास्तविक तो छेद, म्हणजे दोन्हींत सामाईक असलेला भाग आहे, [१, ४); संयोग म्हणजे कोणत्याही रंगाखाली आलेला सगळा भाग, म्हणजेच [−२, ६]. म्हणून मी सुरुवातीला दोन्ही पट्ट्या एकाच रंगाच्या देते आणि प्रत्येक संख्येबद्दल ती निदान एका पट्टीखाली येते का, एवढेच विचारते.

सोबतची पुस्तिका मात्र निराश करते. टोके जुळली की पट्ट्या जोडाव्यात, असा तिचा सरसकट नियम आहे आणि वरच्या कडीवर कडीच्या उदाहरणातच तो चुकतो. अनेक अंतराले असतील तर डाव्या टोकांच्या चढत्या क्रमाने ती लावून एकेक जोडत जावे, ही तिची सूचना योग्य आहे. पण प्रत्येक जोडणीनंतर नव्या पट्टीचे उजवे टोक घ्यावे असे ती सांगते, ते चूक आहे. त्या रीतीने [०, ९] आणि [२, ४] यांचा संयोग [०, ४] येईल. येथे दोन उजव्या टोकांपैकी मोठेच घ्यायला हवे.

अनंतासाठी बाण असलेल्या पट्ट्या आहेत, त्यामुळे क्ष² − ५क्ष + ६ > ० या असमतेची उकल (−∞, २) ∪ (३, ∞) अशी सहज मांडता येते (∪ हे संयोगाचे चिन्ह). परंतु बाणाच्या टोकालाही चकतीची खाच ठेवली आहे. अनंत ही वास्तव संख्या नसल्याने तिथे चकती कधीच बसता कामा नये, म्हणून मी त्या खाचा कागद चिकटवून बंद केल्या आहेत.