रोलँड एसपी-404 एमकेटू: जॅझचे तुकडे कापणाऱ्यांसाठी

जॅझच्या जुन्या रेकॉर्डमधून तुकडे उचलून त्यांवर बीट रचणाऱ्यांमध्ये रोलँडच्या एसपी मालिकेतल्या सॅम्पलरचा, म्हणजे आवाजाचे तुकडे (सॅम्पल) साठवून दाबायच्या पॅडवरून वाजवणाऱ्या यंत्राचा, दबदबा जुना आहे. हिप-हॉप बीट रचणाऱ्या मॅडलिबने एसपी-303 वर काम केलं. पुढे लॉस एंजेलिसमध्ये फ्लाइंग लोटस आणि रास जी या बीटकारांच्या पिढीने पुढचं मॉडेल, एसपी-404, थेट मंचावर नेलं. 2021 साली आलेला एमकेटू त्याच घराण्यातला. जॅझसाठी घेणाऱ्याने एक गोष्ट आधीच पक्की धरावी: हे यंत्र आपणहून जे करतं ते जॅझवर बऱ्याचदा फसतं, हाताने जे करू देतं ते मात्र झकास.

एका प्रोजेक्टमध्ये 10 बँका, प्रत्येकीत 16 पॅड, म्हणजे 160 सॅम्पल. असे 16 प्रोजेक्ट. एका वेळी 32 आवाज वाजतात. आतली साठवण 16 जीबी, ध्वनी 16 बिट, 48 किलोहर्ट्‌झ. एवढं पुरतं.

टर्नटेबल थेट जोडू नका. रेकॉर्ड प्लेअरचा क्षीण सिग्नल घेणारं फोनो इनपुट नाही, त्यामुळे आवाज बारीक आणि खर्जाविना येतो. मध्ये तो सिग्नल वाढवणारा फोनो प्रीअँप हवाच. लेव्हल थोडी खालीच ठेवा, कारण ट्रम्पेटचा एखादा चढा स्वर अचानक येतो आणि फाटलेला आवाज नंतर दुरुस्त होत नाही.

आता टेम्पो. जॅझचा ड्रमर क्लिकवर, म्हणजे मेट्रोनोमच्या ठोक्यावर, वाजवत नाही. चार आवर्तनांत लय किंचित पुढेमागे होतेच. यंत्राने काढलेला बीपीएम (मिनिटाला किती ठोके) म्हणून बेभरवशाचा, कधी दुप्पट, कधी निम्मा. शिवाय टेम्पोची मर्यादा 40 ते 200 आहे, त्यामुळे 240 ची धावती बीबॉप (जॅझची वेगवान शैली) चाल 120 म्हणूनच धरावी लागते. उपाय जुनाच: लूपची (पुन्हा पुन्हा फिरणाऱ्या तुकड्याची) सुरुवात किकवर (मोठ्या ड्रमच्या ठोक्यावर) किंवा बासच्या स्वरावर लावा, शेवट पुढच्या समेच्या अगदी अलीकडे आणा, तो कानाने तपासा आणि मगच बीपीएम हाताने भरा. सिंक लावून, म्हणजे यंत्राच्या टेम्पोशी आपोआप जुळवून, लूप फार ताणला तर राइड सिंबलचा (ड्रमवरच्या मोठ्या झांजेचा) झंकार पाण्यात बुडाल्यासारखा ऐकू येतो. त्यापेक्षा व्हिनाइल मोड बरा. त्यात वेगाबरोबर पट्टीही बदलते, पण पोत शाबूत राहतो. बाकीची वाद्यं त्या पट्टीला जुळवून घ्यावीत.

चॉपची, म्हणजे सॅम्पलचे छोटे तुकडे करण्याचीही तीच कथा. ठळक ठोका असलेल्या फंक ड्रमवर ट्रान्झियंट (आवाजाची टोकदार सुरुवात) ओळखून खुणा करणारी सोय छान चालते. ब्रशने वाजवलेल्या स्नेअरला मात्र टोकदार सुरुवातच नसते, आणि अपराइट बासचा स्वर हळू फुगतो. खुणा भलतीकडे पडतात, किंवा एका राइडच्या घुमण्यावर तीन पडतात. तुकडा वाजत असताना मार्क बटणाने स्वतः खुणा करा आणि प्रत्येक खूण किंचित मागे सरकवा. कापल्या जागी टिक ऐकू आली तर लाट शून्यावर नसताना कापली गेली आहे. अटॅक (आवाज चढायला लागणारा वेळ) अगदी थोडा वाढवला की ती जाते. एकाच पियानोचे तुकडे एका म्यूट ग्रुपमध्ये टाका, म्हणजे एक वाजला की दुसरा थांबेल, नाहीतर आधीच्या कॉर्डची शेपटी पुढच्यात मिसळून गढूळपणा येतो. पॅटर्न भरताना क्वांटाइझ (ठोके आपोआप ताठ ग्रिडवर बसवणारी सोय) बंद ठेवा, फार तर त्याची तीव्रता कमी करा. झुलणाऱ्या सॅम्पलवर ताठ ग्रिडचा हायहॅट बसवला की दोघे भांडतात.

यंत्राची खरी मजा री-सॅम्पलिंगमध्ये, म्हणजे त्याचाच आवाज पुन्हा सॅम्पल करण्यात आहे. बस म्हणजे आतले इफेक्टचे मार्ग: बस 1 किंवा 2 वर पॅडचा इफेक्ट, बस 3 आणि 4 वर एकामागोमाग एक संपूर्ण मिश्रणाचे इफेक्ट, आणि हे सगळं रिकाम्या पॅडवर पुन्हा रेकॉर्ड. इफेक्ट कायमचा मुरतो, बस मोकळी होते. 303 व्हिनाइल सिम हा जुन्या रेकॉर्डचा भास देणारा इफेक्ट पियानोच्या लूपला जो दाब आणि धूळ देतो, त्यासाठीच अनेकजण हे यंत्र घेतात. पण हात आवरा. दर फेरीत लेव्हल चढते, वरच्या पट्ट्यांत खरखर साचते, आणि दोन फेऱ्यांनंतर राइडचा नुसता फुस्कारा उरतो. मूळ तुकडा नेहमी वेगळ्या बँकेत जपा. स्किपबॅक ही त्याहून सुखाची सोय: सहज बोटं फिरवताना काही जमून गेलं तर मागचे साधारण 25 सेकंद परत मिळतात. उत्स्फूर्त वादनाच्या अंगाने काम करणाऱ्याला एवढ्यासाठीसुद्धा हे यंत्र परवडेल.

कुरकुरी आहेतच. सहा एए बॅटऱ्यांवर ते दोन-तीन तास चालतं, म्हणजे रात्रभराच्या सेटला नाही. लॅपटॉपच्या यूएसबीवर चालवलं तर ग्राउंड लूपची (वीजजोडणीतून शिरणारी) गुणगुण येऊ शकते. अशा वेळी वेगळा 5 व्होल्टचा दमदार चार्जर वापरा. लाइन आउटची, म्हणजे मिक्सरकडे जाणाऱ्या आवाजाची, एकच स्टिरिओ जोडी आहे. ड्रम आणि बास मिक्सरच्या वेगवेगळ्या चॅनेलवर हवे असतील तर हे यंत्र तुमचं नाही.

डीजे मोडमध्ये दोन सॅम्पल डीजेच्या दोन डेकसारखी (प्लेअरसारखी) चालवता येतात, वेग बदलता येतो, ढकलून जुळवताही येतात. मात्र त्या मोडमध्ये पॅड नेहमीसारखे वाजत नाहीत, त्यामुळे ट्रॅक चालू असताना वरून तुकडे मारण्याची सवय असलेल्याचा हिरमोड होतो. सिंक इथेही वर भरलेल्या बीपीएमवरच अवलंबून असल्याने थेट वाजवलेला जॅझ थोड्याच आवर्तनांत निसटतो. तिथे सिंक बंद करा आणि कानाने धरा.