धुरासकट फोटो नीट करून देणारं महाद्वार रोडचं दुकान

आजोबांचा स्टुडिओत काढलेला फोटो इथे दुरुस्तीला दिला होता. अंगात कोट, डोक्याला फेटा, बोटांत सिगारेट. आधी दुसऱ्या एका ठिकाणी दिला, तर त्यांनी बुरशीच्या डागांबरोबर धूरही पुसून टाकला आणि चेहरा मेणाच्या बाहुलीसारखा करून ठेवला.

इथल्या काकांनी आधी भिंग लावून फोटो बघितला. म्हणाले, "ताई, धूर ऱ्हायला पायजे. सगळी मजा त्यातच हाय." मग समजावलं, की धूर उठून दिसायचा तर दिवा मागून किंवा बाजूने लागतो आणि पाठीमागे काळोख. समोरून उजेड मारला की तो जवळपास दिसेनासा होतो. १९२९ साली ज्या कोल्हापुरात 'प्रभात' फिल्म कंपनी सुरू झाली, तिथल्या फोटोग्राफरांना उजेडाची ही जाण असणारच.

सिगारेटने आजोबांची छाती पोखरली, तो खोकला मी ऐकलाय. तरीही हा फोटो सुंदर आहे, हे मी बिनदिक्कत सांगते. कॅमेऱ्यापुढे अवघडणारा त्यांचा हात इथे निवांत आहे, नजर कुठेतरी लांब.

काम अप्रतिम. कानाजवळून वर चढणारी धुराची बारीक रेघसुद्धा शाबूत आहे. सांगितलं नाही तर प्रिंट चकचकीत कागदावर काढतात, म्हणून मॅट आधीच सांगा. घाई असेल तर जाऊ नका, आणि गाडी लांबच लावा.